थ्रीडी टीव्हीला 'तसल्या' सिनेमांनीही का नाही वाचवलं?

धागाकर्त्यांचा प्रश्न असा: व्हिडिओ कॅसेटच्या लढाईत बेटामॅक्सविरुद्ध व्हीएचएसला ब्लू फिल्मवाल्यांनी जिंकवलं म्हणतात, मग थ्रीडी टीव्हीला का नाही? शिवाय त्यांना जुना थ्रीडी सेट स्वस्तात मिळतोय.

आधी व्हीएचएसचं. त्याच्या कॅसेटवर दोन तास मावायचे, सुरुवातीच्या बेटामॅक्सवर एकच. अख्खा सिनेमा एका कॅसेटवर, हे मोठं कारण. बाकी आख्यायिका जास्त.

आणि थ्रीडीला या मंडळींनी हात लावला नाही असं नाही. 'अवतार' डिसेंबर २००९ चा. २०१० मध्ये हसलर या 'तसल्या' सिनेमांच्या कंपनीने त्याचं विडंबन थ्रीडीत काढलंसुद्धा. त्याही आधी, १९६९ मध्ये, 'द स्टुअर्डेसेस' नावाच्या चावट थ्रीडी सिनेमाने थिएटरात बक्कळ पैसा ओढला होता. पण थिएटरात माणूस खुर्चीत सरळ बसतो. घरात?

मी २०११ ला थ्रीडी टीव्ही घेतला होता. शटरवाला चष्मा (एकेक डोळा आळीपाळीने झाकून दोघांना वेगवेगळं चित्र दाखवणारा) आपल्या नंबरच्या चष्म्यावर चढवायचा, चार्जिंग आहे का बघायचं आणि ताठ बसायचं. दोन डोळ्यांच्या चित्रांतला फरक आडवा असतो. कुशीवर लवंडलात की डोळे एकाखाली एक येतात, एकाची दोन चित्रं होतात आणि कपाळ ठणकायला लागतं. असला सिनेमा कोण ताठ बसून बघतं? जास्त खोलात शिरत नाही.

दुसरी भानगड शूटिंगची. ढोबळ नियम असा की दोन लेन्समधलं अंतर सगळ्यात जवळच्या वस्तूच्या अंतराच्या तिसाव्या भागाएवढं ठेवायचं. लेन्स ६ सेंटीमीटरवर असतील तर माणूस १.८ मीटरच्या आत आला की बघणाऱ्याच्या डोळ्यांवर ताण. या धंद्याचा सगळा जीव क्लोजअपमध्ये! त्यासाठी लेन्स आणखी जवळ आणायला आरशाची रिग (कॅमेरे बसवायचा सांगाडा) लागते, म्हणजे दोन कॅमेरे, जास्त वेळ, जास्त पैसा. आणि पैसा आटत चाललेला: यूपॉर्न २००६ ला आलं, पॉर्नहब २००७ ला. फुकट मिळत असताना डिस्क, टीव्ही आणि चष्मा विकत कोण घेणार?

ईएसपीएनचं थ्रीडी चॅनलही २०१३ मध्ये गुंडाळलं गेलं, म्हणजे खेळांनाही ते जमलं नाही. तसल्या थ्रीडीची हौस पुढे व्हीआर हेडसेटवर गेली. तिथे निदान हॉलमधल्या ५५ इंचावर काय चाललंय ते घरच्यांना दिसत नाही.

सेट घेणारच असाल तर चष्मे त्याच मॉडेलला चालणारे आहेत का आणि चार्ज धरतात का, ते दुकानातच लावून बघा. सुरुवातीला एका कंपनीचा चष्मा दुसऱ्या कंपनीच्या टीव्हीला चालायचा नाही.