अण्णांचे सोयाबीन, ओले गोणपाट आणि बेझियन संख्याशास्त्र

प्रश्न : मी अहमदपूर तालुक्यातील असून लातूरला बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षात शिकते. नीट दोनदा दिली, पण गुण कमी पडले. म्हणून संख्याशास्त्र घेतले आणि आता ते मनापासून आवडू लागले आहे. सरांनी बेझियन पद्धतीवर एक तास घेतला, तेव्हा कळले की तिथे आपले आधीचे मतही गणितात धरतात. मत आधीच ठरलेले असेल तर ते शास्त्र कसे? अण्णा शेती करतात, दरवर्षी घरचेच सोयाबीन बियाण्याला ठेवतात. ते विचारतात की या विषयाचा पुढे उपयोग काय आणि पुण्याला पाठवायचे ते कशाच्या भरवशावर? एका खासगी क्लासचा सहा महिन्यांचा डेटा सायन्सचा अभ्यासक्रम आहे. कर्ज काढून त्याची फी भरावी का?

उत्तर : तुझ्या शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण त्यात अण्णांच्या पैशाचा संबंध आहे. कर्ज काढून तो अभ्यासक्रम घेऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. त्याचे कारण पुढे ओघात येईलच. त्याआधी तुझ्या शंकेकडे वळू, कारण ती खरोखर मोलाची आहे आणि तिच्यावरून मोठमोठ्या संख्याशास्त्रज्ञांमध्ये पिढ्यान्‌पिढ्या वाद झालेले आहेत.

अण्णा मृगाच्या आधी बियाण्याची उगवण कशी तपासतात, ते आठवून पाहा. गोणपाटाचा तुकडा भिजवायचा, त्यावर दहा-दहाच्या ओळींत बिया मांडायच्या, वरून ओला तुकडा टाकून गुंडाळी करायची, ती सावलीत ठेवून पाणी शिंपडत राहायचे आणि सहा-सात दिवसांनी उघडून कोंब मोजायचे. शंभरात सत्तर किंवा अधिक उगवले तर शिफारशीइतकेच बियाणे पेरायचे, कमी उगवले तर त्या मानाने वाढवायचे. आता कल्पना कर की तू पन्नास बिया मांडल्या आणि त्यांतल्या ३३ उगवल्या. प्रमाण झाले ६६ टक्के. हे बियाणे सत्तरच्या खाली आहे, असे अण्णा लगेच म्हणतील का? मला वाटते, नाही म्हणणार. ते म्हणतील, "आपलं बियाणं ऐंशीच्या आसपास उगवतं, अजून पन्नास लावून बघ." आधीची माहिती आणि समोरचा पुरावा या दोहोंना त्यांनी मनातल्या मनात वजन दिले. बेझियन पद्धत हेच करते, फक्त ते वजन कागदावर सर्वांना दिसेल असे मांडावे लागते.

ते कसे मांडतात ते पाहू. साऱ्या पोत्यांतल्या बियाण्याचे खरे उगवण-प्रमाण आपल्याला माहीत नाही. माहीत नसलेल्या या प्रमाणाविषयी चाचणीआधी आपल्याला जे वाटते, त्याला प्रायर म्हणतात. अण्णांचा अनुभव ऐंशी टक्क्यांचा आहे, पण तो दगडावरची रेघ नव्हे. म्हणून आपण त्याला वीस बियांइतकेच वजन देऊ, म्हणजे जणू १६ उगवलेल्या आणि ४ न उगवलेल्या बिया आधीच पाहिल्या आहेत असे धरू. संख्याशास्त्रात याला १६ आणि ४ हे प्राचल, म्हणजे त्याचा आकार ठरवणारे दोन आकडे, असलेले बीटा वितरण म्हणतात. आता चाचणीतल्या ३३ उगवलेल्या आणि १७ न उगवलेल्या बिया त्यात मिळव. नवे आकडे ४९ आणि २१ झाले. हा पोस्टिरिअर, म्हणजे पुराव्यानंतरचे आपले ज्ञान. त्याची सरासरी ४९ भागिले ७०, म्हणजे बरोबर ७० टक्के. अनुभव ऐंशी म्हणत होता, गोणपाट सहासष्ट म्हणत होते आणि उत्तर मधे, पण गोणपाटाच्या बाजूला झुकलेले आले, कारण गोणपाटावरच्या बिया जास्त होत्या. अण्णांच्या सांगण्याप्रमाणे आणखी पन्नास लावल्या आणि ३८ उगवल्या, तर आकडे ८७ आणि ३३ होतात व सरासरी साडेबहात्तर टक्के येते. खरे प्रमाण ६४ ते ८० टक्क्यांच्या दरम्यान असण्याची संभाव्यता सुमारे ९५ टक्के आणि ते सत्तरच्या वर असण्याची संभाव्यता सुमारे ७४ टक्के ठरते. बियाणे किती वाढवायचे हा निर्णय अण्णांनाच घ्यायचा आहे, पण आता त्यांच्या हाती नुसत्या एका आकड्याऐवजी आकडा आणि त्यातील अनिश्चितता, दोन्ही आहेत.

बेरजेइतके सोपे गणित प्रत्येक ठिकाणी निघत नाही. मूळ नियम असा आहे की पोस्टिरिअर हा प्रायर आणि लाइकलिहूड यांच्या गुणाकाराच्या प्रमाणात असतो. लाइकलिहूड म्हणजे खरे प्रमाण अमुक असते तर समोर दिसली तशी उगवण दिसण्याची शक्यता किती, याचे माप. बियांच्या उदाहरणात ते द्विपद वितरणातून, म्हणजे ठरावीक बियांपैकी किती उगवतील याच्या शक्यता सांगणाऱ्या वितरणातून, येते, आणि ते वितरण तू पहिल्याच वर्षी शिकली आहेस.

आता तुझी शंका. प्रायर म्हणजे आधीच ठरवून टाकलेले मत, असे तू लिहिले आहेस, आणि चूक नेमकी त्या "ठरवून टाकलेले" या शब्दांत आहे. प्रायर पुराव्यापुढे वाकला पाहिजे. अण्णांच्या अनुभवाला वीसऐवजी दोन हजार बियांचे वजन दिले असते, तर गोणपाटावर काहीही उगवले तरी उत्तर ऐंशीच्या आसपासच अडून राहिले असते. एखादी शक्यता शून्यच धरली, तर जगातला कोणताही पुरावा तिला शून्यावरून हलवू शकत नाही. म्हणून प्रायर कसा निवडला, त्याला वजन किती दिले आणि ते बदलले तर उत्तर किती बदलते, हे तिन्ही दाखवून द्यावे लागते. मला या पद्धतीचा सर्वांत मोठा गुण हाच वाटतो. गृहीतके प्रत्येक पद्धतीत असतात, पण येथे ती वाचणाऱ्याच्या समोर मांडून त्याला वाद घालण्याची मुभा द्यावी लागते.

चांगला प्रायर आकड्यांपेक्षा कारणांवर उभा असतो, हेही लक्षात ठेव. सोयाबीनच्या बीचे टरफल पातळ असते. काढणीच्या वेळी पाऊस लागला, मळणी यंत्राचे फेरे जास्त ठेवले किंवा पोती उंचावरून आदळली, तर उगवण घटते. गेल्या वर्षी शेंगा भिजल्या असतील तर ऐंशीचा जुना अनुभव जसाच्या तसा धरणे चूक आहे. अशा वेळी त्याचे वजन कमी केले पाहिजे आणि सरासरीही खाली आणली पाहिजे. दुसरी चूक मॉडेलची, म्हणजे बियांविषयी आपण गृहीत धरलेल्या गणिती चित्राची असते. सर्व बिया एकाच पोत्याच्या तोंडाशी घेतल्या आणि ओल तळाशी असली, तर गणित निर्दोष असूनही उत्तर खोटे ठरेल. हे समजण्यासाठी संगणक लागत नाही. लागते ते पोत्यात हात घालून पाहणारे मन, आणि ते तुला घरातूनच मिळालेले आहे.

पत्रात तू जाता जाता लिहिले आहेस की ९५ टक्क्यांचा कॉन्फिडन्स इंटरव्हल (नमुन्यावरून काढलेला अंदाजाचा अंतराल) म्हणजे खरी किंमत त्यात असण्याची शक्यता ९५ टक्के. परीक्षेत असे लिहू नकोस. तुझ्या अभ्यासक्रमातील पद्धतीत खरी किंमत स्थिर असते. तीच चाचणी पुन्हा पुन्हा केली तर तयार होणाऱ्या अंतरालांपैकी सुमारे ९५ टक्के अंतराल तिला सामावून घेतील, एवढाच त्याचा अर्थ. तू लिहिलेला अर्थ बेझियन क्रेडिबल इंटरव्हलचा आहे. ही गल्लत बहुतेक सगळेच करतात, आणि त्यावरून मला असे वाटते की माणसाला मुळात हवे असते ते बेझियन उत्तरच.

इतिहास थोडक्यात सांगतो. थॉमस बेझ हे इंग्लंडमधील धर्मोपदेशक. त्यांचा निबंध त्यांच्या मृत्यूनंतर, १७६३ मध्ये, रिचर्ड प्राइस या स्नेह्याने प्रसिद्धीस दिला. फ्रान्समध्ये लाप्लास यांनी १७७४ मध्ये हीच कल्पना स्वतंत्रपणे मांडली आणि पुढे तिला खरे बळ दिले. विसाव्या शतकात तिचा कैवार घेणाऱ्यांत केंब्रिजचे हॅरॉल्ड जेफ्रीज अग्रणी होते, आणि त्यांच्याकडे संशोधन केलेले एक विद्यार्थी आपल्या कोल्हापूरचे होते, वसंत शंकर हुजूरबाजार. पुणे विद्यापीठाचा संख्याशास्त्र विभाग त्यांनीच उभा केला आणि १९७४ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले. अण्णांना हे अवश्य सांग. हा विषय मराठी माणसाला परका नाही.

तरीही बराच काळ ही पद्धत मागे राहिली, याचे मोठे कारण आकडेमोड हे होते. बियांसारखी सरळ बेरीज जिथे होत नाही, तिथे अवघड संकलने (इंटिग्रेशन) सोडवावी लागतात. १९५३ मध्ये मेट्रोपोलिस आणि सहकाऱ्यांनी यादृच्छिक पावलांनी अशा वितरणातून नमुने घेण्याची रीत दिली, हेस्टिंग्ज यांनी १९७० मध्ये ती व्यापक केली, आणि १९९० मध्ये गेलफंड व स्मिथ यांच्या निबंधानंतर ती संख्याशास्त्रज्ञांच्या नित्य वापरात आली. हिला मार्कोव्ह चेन माँटे कार्लो म्हणतात. आज स्टॅन आणि पायएमसी ही मोफत साधने तुझ्या साध्या लॅपटॉपवर हे काम करतात.

यातून जी मॉडेले शक्य झाली त्यांतले एक तुझ्या फार जवळचे आहे. पीक विम्यासाठी महसूल मंडळात पीक कापणी प्रयोग, म्हणजे निवडक शेतांतले पीक कापून उत्पादन मोजण्याचे प्रयोग होतात, ते तू पाहिले असशील. समज, एका मंडळात तीनच प्रयोग झाले आणि योगायोगाने तिन्ही नाल्याकाठच्या भारी जमिनीत पडले. त्या तीन आकड्यांची सरासरी काढली तर माळरानावरच्या शेतकऱ्यावर अन्याय होतो. उलट साऱ्या तालुक्याची एकच सरासरी लावली तर मंडळामंडळांतला खरा फरक पुसला जातो. स्तरबद्ध बेझियन मॉडेल यातून वाट काढते. तालुक्यातील सर्व मंडळे एका कुटुंबातली मानून ते प्रत्येक मंडळाचा अंदाज तालुक्याच्या सरासरीकडे थोडा ओढते. ज्या मंडळात प्रयोग कमी, तिथे ओढ जास्त, आणि ज्यात भरपूर, तिथे नाममात्र. मात्र जमिनीचा प्रकार आणि पाऊस मॉडेलमध्ये घेतला नाही, तर नाल्याकाठचा दोष ते आपोआप दुरुस्त करणार नाही. दुष्काळाच्या आणि अतिवृष्टीच्या पंचनाम्यांवर जगणाऱ्या आपल्या मराठवाड्याला अशी मॉडेले समजून घेणारी माणसे हवी आहेत, असे मला कळकळीने वाटते.

उपयोग काय, या अण्णांच्या प्रश्नाला मी एकच उदाहरण देईन. २०२० मध्ये फायझर-बायोएनटेकच्या कोविड लशीची मोठी चाचणी झाली. त्यात आजाराच्या १७० नोंदींपैकी ८ लस घेतलेल्या गटात आणि १६२ दुसऱ्या गटात होत्या. त्यावरून परिणामकारकता ९५ टक्के, आणि क्रेडिबल इंटरव्हल ९०.३ ते ९७.६ टक्के, असा निष्कर्ष निघाला. त्यामागचे मॉडेल होते बीटा प्रायर आणि द्विपद वितरण, म्हणजे अण्णांच्या गोणपाटावर आपण जे केले तेच. औषधचाचण्या, विमा, बँकांतील जोखमीचे मोजमाप, हवामान, शेती संशोधन या सर्व ठिकाणी हे ज्ञान लागते. सरकारी नोकरीची ओढ असेल तर संघ लोकसेवा आयोगाची भारतीय सांख्यिकी सेवा परीक्षा आहे. तिला संख्याशास्त्र विषयासह पदवी पुरते आणि किमान वय २१ लागते.

आता वाटेविषयी. येत्या दीड वर्षात तू कलन, रेषीय बीजगणित आणि संभाव्यता पक्की करावीस. सशर्त संभाव्यतेची गणिते हाताने सोडव, बीटा आणि गॅमा वितरणांची सरासरी व प्रचरण स्वतः काढ, आणि आर किंवा पायथॉन यांपैकी संगणकाची एकच भाषा धर. यासाठी स्वयम् आणि एनपीटीईएल या ऑनलाइन शिक्षणमंचांवरील व्याख्याने मोफत पाहता येतात. क्लासला मी नको म्हणतो ते याच कारणाने. गेल्या काही वर्षांत असे अभ्यासक्रम पूर्ण केलेली मुले माझ्याकडे आली. त्यांना आज्ञावली चालवता येत होती, पण आलेल्या उत्तराचा अर्थ विचारला की ती गप्प होत. फी मात्र बापाच्या उसाच्या बिलातून गेलेली असे. पाया झाल्यावर तीच साधने तू महिन्या-दोन महिन्यांत स्वतः शिकशील.

पदव्युत्तर शिक्षणासाठी आयआयटीच्या जॅम परीक्षेतील मॅथेमॅटिकल स्टॅटिस्टिक्स हा पेपर आणि भारतीय सांख्यिकी संस्थेची एम.स्टॅट. प्रवेश परीक्षा, या दोन्हींची तयारी बरीचशी एकच आहे. महालनोबिस यांनी १९३१ मध्ये कोलकात्यात स्थापन केलेल्या या संस्थेत विद्यार्थ्यांना विद्यावेतनाचीही सोय आहे, हे अण्णांना मुद्दाम सांग. ते जमले नाही तर पुणे विद्यापीठ आहेच, आणि छत्रपती संभाजीनगर व नांदेड येथील आपल्या विद्यापीठांतही एम.एस्सी. होते. घरची ओढाताण होणार असेल तर जवळच्या विद्यापीठात शिकण्यात काहीही कमीपणा नाही. फक्त प्रवेश घेण्यापूर्वी तिथे बेझियन अनुमानाचा स्वतंत्र पेपर आहे का, आणि तो प्रत्यक्ष कोण शिकवते, हे तिथल्या विद्यार्थ्यांना विचारून घे.

यंदा पेरणीआधी एक काम कर. प्रत्येक पोत्याच्या वरून, मधून आणि तळातून बिया घे आणि गोणपाट गुंडाळण्यापूर्वीच अण्णांना दोन गोष्टी विचार : शंभरात किती उगवतील आणि त्या अंदाजाची त्यांना किती खात्री वाटते. उत्तर तारखेसह वहीत लिही, त्याचे दोन आकडे तू स्वतः ठरव, मग सातव्या दिवशी गुंडाळी उघडून कोंब मोज. प्रायर, मोजणी आणि पोस्टिरिअर हे तिन्ही मला लिहून पाठव.