नागपुरात नाटक करणाऱ्या मुलाने मालिका-वेबसिरीजसाठी लगेच मुंबईला जावं का?

प्रश्नाखाली तू तुझी कहाणी थोडक्यात दिली आहेस. वय बावीस, बीकॉम झालं, कॉलेजातर्फे दोन एकांकिका केल्या, एकीत अभिनयाचं बक्षीस. घरचे म्हणतात बँकेच्या परीक्षा दे. तुला कळत नाहीये की थेट मुंबई गाठावी, एनएसडीचा, म्हणजे दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा, फॉर्म भरावा, की तो एक 'कास्टिंगवाला' पोर्टफोलिओचे चाळीस हजार मागतोय ते देऊन टाकावे. आणि सगळ्यात शेवटी, जाता जाता एक ओळ: 'एक मित्र झाडीपट्टीत चल म्हणतोय, पण तिथे गेलं की नट बिघडतो असं ऐकलंय.'

त्या ओळीसाठी, म्हणजे पूर्व विदर्भातल्या गावोगावी रात्रभर चालणाऱ्या कंपन्यांच्या नाटकांसाठी, लिहायला बसलो. बाकीचं पुढे बघू.

बिघडतो असं कोणी सांगितलं, याचा अंदाज मला आहे. तोच माणूस नसेल, पण पठडी तीच. आमच्याही ग्रुपमध्ये असे एक सर होते. नाव घेत नाही, नागपुरात नाटकवाले मोजके, लगेच कळेल. माणूस अभ्यासू. नाटककार महेश एलकुंचवारांच्या गावात राहतो म्हणजे आपल्यावर काही जबाबदारी आहे, असं मानणारा. धरमपेठेतल्या एका शाळेच्या वर्गात बाकं भिंतीला लावून आमच्या तालमी चालायच्या. राज्य नाट्य स्पर्धेसाठी तीन-तीन महिने घासायचो. एका वाक्यातला स्वल्पविराम गेला तर सर अख्खा प्रवेश पुन्हा घ्यायला लावत. 'प्रॉम्प्टर लागला की नट मेला,' हे त्यांचं ठरलेलं वाक्य. प्रॉम्प्टर म्हणजे पडद्याआडून वाक्यं पुरवणारा. मग सायंटिफिक सभागृहात एका संध्याकाळी प्रयोग. समोर आमचे नातेवाईक, दुसऱ्या ग्रुपची हाताची घडी घालून बसलेली पोरं, आणि परीक्षक. निकाल लागला की सेट कुणाच्या तरी गच्चीवर, विषय संपला. तीन महिन्यांच्या मेहनतीचा एक प्रयोग! पुढच्या वर्षी नवी संहिता, पुन्हा तेच.

याला मी रंगभूमीची सेवा म्हणत होतो. तूही म्हणत असशील.

साधारण २०१० च्या आसपास घरी पैशांची ओढाताण सुरू झाली. ओळखीचा एक तबलजी दिवाळीनंतर गडचिरोलीतलं वडसा, म्हणजे झाडीपट्टीच्या नाटक कंपन्यांचं गाव, गाठायचा. त्यांच्या कंपनीत एक माणूस ऐनवेळी गळाला होता, खलनायकाच्या भावाचं काम रिकामं होतं. रात्रीचे पैसे रात्री मिळणार. गेलो.

झाडीपट्टी म्हणजे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली हे तुला सांगायला नको. पण तू वडसा हंगामात पाहिलं नसशील. धान निघालं की गावोगावची मंडळं नाटक ठरवायला तिथे येतात. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना कंपन्यांची ऑफिसं, बाहेर पोस्टर, आत रजिस्टर उघडून तारखांची घासाघीस चाललेली. आमची पहिली रात्र ब्रह्मपुरीकडच्या एका गावात होती. दिवसा शंकरपट, म्हणजे बैलांची शर्यत, झालेला. गाव पाहुण्यांनी फुगलेलं, घरोघरी जावई, सोयरे आलेले, कुठे पोरीच्या लग्नाची बोलणी चाललेली. नाटक रात्री साडेदहाला उठलं आणि पडदा पडला तेव्हा कोंबडे आरवत होते. समोर जमिनीवर शाली-घोंगड्या पांघरून बसलेली माणसं, इतकी की मागची टोकाची रांग दिसतच नव्हती. सायंटिफिकला आमच्या ग्रुपने वर्षानुवर्षं जमवलेले प्रेक्षक त्या एका शामियान्यात दोन वेळा मावले असते.

संहिता मला मिळाली ती गाडीत, वहीच्या रूपात, तीही दुसऱ्याच्या हातातून वाचायची. पाठांतर झालं का, हे कोणी विचारलं नाही. विंगेत प्रॉम्प्टर मांडीवर वही घेऊन बसतो. तू आत्ताचं वाक्य बोलत असतोस तेव्हा तो पुढचं टाकतो. म्हणजे तोंडात एक वाक्य, कानात दुसरं, आणि चेहऱ्यावर यातलं काही दिसता कामा नये. पहिल्या प्रवेशात मी सारखा विंगेकडे बघत होतो. कंपनीत आईची कामं करणाऱ्या एक बाई होत्या, वयानं माझ्या आईएवढ्या. मध्यंतरात चहाचा कप हातात देत म्हणाल्या, "बाबू, वही कानात ठेव, डोऱ्यात नोको ठेवू." अभिनयाचं इतकं नेमकं शिक्षण मला आधी कोणी दिलं नव्हतं आणि नंतर पैसे भरून केलेल्या वर्कशॉपमध्येही मिळालं नाही.

दुसरी गोष्ट माईकची. स्टेजवर वरून माईक टांगलेले. वाक्य सुरू करायच्या आधी तुला माईकखाली पोचलेलं असायला पाहिजे आणि वर न बघता पोचायला पाहिजे. वाक्याच्या मध्येच भावनेच्या भरात दोन पावलं सरकलास की मागून आरोळी: "आवाज!" शहरातला प्रेक्षक कंटाळला तर मोबाईल काढतो. इथला तुला तिथल्या तिथे सांगतो. आणि रडवलंस तर बायका पदर तोंडाला लावून खरंच रडतात. दुसऱ्या रात्री दुसरं गाव, कधी दुसरं नाटक. दिवसा गाडीत किंवा कुणाच्या तरी ओसरीवर झोप. हंगाम सरेपर्यंत मी जितक्या वेळा लोकांसमोर उभा राहिलो, तितका स्पर्धेच्या जोरावर पन्नाशीपर्यंतही राहिलो नसतो.

परत आलो तर चहाच्या टपरीवर सरांनी सगळ्यांसमोर सुनावलं, "तू आता नट राहिला नाहीस, ऑर्केस्ट्रा झालास." पुढच्या नाटकात मला काम नाही. सेट लावायला मात्र बोलावलं. लावला.

मग मुंबई. विदर्भ एक्सप्रेसने संध्याकाळी निघायचं, सकाळी दादरला उतरायचं, मित्राच्या खोलीत बॅग टाकून अंधेरीला आरामनगर. तिथल्या बैठ्या बंगल्यांत ऑडिशन चालतात. बाहेर यादीत नाव लिहायचं, दारातला पोरगा तुझ्याकडे नजर टाकून 'फिट' किंवा 'अनफिट' म्हणतो. फिट असलास तर आत कॅमेऱ्यासमोर नाव, वय, उंची, डावी बाजू, उजवी बाजू, हात दाखव, चार ओळी बोल, नमस्कार. बरेच महिने माझं नमस्काराच्या पुढे गेलं नाही. त्यावर रडगाणं गात नाही, सगळ्यांचं तसंच असतं.

पहिलं बरं काम एका मराठी मालिकेत मिळालं, पतसंस्थेच्या मॅनेजरचं. सेट ठाण्याला घोडबंदर रोडवर. मी आदल्या रात्री सीन पाठ करून गेलो. मेकअपच्या खुर्चीत बसलो असताना नवा कागद आला. लायटिंग होईपर्यंत त्यातही दोन वाक्यं बदलली आणि माझ्या तोंडी एक लांबलचक हिशेब घातला. रोजच्या मालिकेत हे रोजचं आहे. एपिसोड उद्या-परवा जायचा असतो, लेखक तिकडे लिहीत असतो, इकडे सीन उभा असतो. समोरचा मुलगा चांगल्या संस्थेत शिकलेला, स्पर्धांतली बक्षिसं घेतलेला, माझ्यापेक्षा देखणा. दर टेकला तिसऱ्या वाक्यावर अडकत होता. बदललेलं वाक्य त्याच्या तोंडी बसेना, कारण जुनं पक्कं बसलेलं. शेवटी असिस्टंट कॅमेऱ्यामागे उभा राहून ओळी टाकायला लागला. त्याने मुलगा अजूनच गोंधळला. मला मात्र वडसा आठवलं. कानात असिस्टंट, तोंडात हिशेब, पाय जमिनीवर चिकटवलेल्या टेपच्या खुणेवर, खाली न बघता. पहिल्या टेकला ओके.

दिग्दर्शकाने विचारलं, "एनएसडी का?"

म्हटलं, "वडसा."

"ती कुठली अकॅडमी?"

सरांना मी प्रक्षेपणाची वेळ कळवली होती. त्यांचं उत्तर आलं: 'आवाज चढा वाटला.' होता. झाडीपट्टीचा नट कॅमेऱ्यासमोर आधी ओरडतो, भुवया उडवतो. छातीला माईक लावलेला असतो हे शरीराला पटायला आठवडाभर लागतो. पण चढलेला आवाज उतरवता येतो. कान मात्र स्पर्धेच्या तालमीत तयार होत नाही. त्यासाठी रोज रात्री नवा प्रेक्षक लागतो.

२०२३ साली गडचिरोलीच्या डॉ. परशुराम खुणेंना झाडीपट्टीतल्या कामासाठी पद्मश्री मिळाली, तेव्हा याच सरांनी ग्रुपवर फुलांचा गुच्छ टाकला. 'आपल्या मातीचा गौरव' वगैरे. मी अंगठा दिला. काय करणार?

आणि पडद्याला स्पर्धेची प्रमाणपत्रं लागतात, हेही डोक्यातून काढ. 'कोर्ट'ला २०१५ मध्ये सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यात शाहिराच्या मध्यवर्ती भूमिकेतले वीरा साथीदार आपल्या नागपूरचे, चळवळीतले कार्यकर्ते, व्यावसायिक नट नव्हते. २०२२ चा 'झुंड' नागपुरातच घडतो. नागराज मंजुळेंनी त्यात अमिताभसमोर आपल्या वस्त्यांमधली पोरं उभी केली आणि त्यातल्या अंकुश गेडामला पदार्पणाचा फिल्मफेअर मिळाला. त्यांना कोणी स्वल्पविराम शिकवले नव्हते. अर्थात असा दिग्दर्शक रोज आपल्या गल्लीत येत नाही, म्हणून तयारी करत राहायची. माझं म्हणणं इतकंच, की तयारी म्हणजे फक्त करंडक नाही.

आता तुझे प्रश्न.

एनएसडीला पदवी लागते, वय तिशीच्या आत लागतं आणि किमान सहा नाटकांचा अनुभव मागतात. तुझ्या दोन एकांकिका आहेत. म्हणजे यंदा तो प्रश्नच नाही, आधी नाटकं कर. पुण्याचं ललित कला केंद्र किंवा मुंबई विद्यापीठाची थिएटर अकॅडमी बघ, ती जास्त जवळची आहेत. तीन वर्षं दिल्लीत काढायची घरची ताकद असेल तर एनएसडी उत्तमच. माझी नव्हती, म्हणून त्यावर जास्त बोलत नाही.

मुंबईला लगेच जाऊ नको. आता बऱ्याच ऑडिशनची पहिली फेरी मोबाईलवर व्हिडिओ काढून पाठवायची असते. ते नागपुरात मानेवाड्यातल्या खोलीतूनही होतं. मोबाईल आडवा, पाठीमागे साधी भिंत, खिडकी समोरून, पंखा बंद, समोरच्याच्या ओळी वाचायला बहिणीला बसव. बोलावणं यायला लागलं की तिकीट काढ. गेलास तर सहा महिन्यांचं भाडं खिशात ठेवूनच जा, कारण मालिकेचे पैसे काम झाल्यावर साधारण ९० दिवसांनी येतात, ते आले तर. या एका कारणासाठी तुझे घरचे बरोबर आहेत. बँकेची परीक्षा दे. नोकरी करून नाटक करणाऱ्यांवरच नागपूरची रंगभूमी उभी आहे.

बोलीचंही सांगतो. प्रमाण मराठी जमलीच पाहिजे, पण आपली पुसू नको. भारत गणेशपुरेंनी वऱ्हाडी घराघरांत पोचवली, ते मोठं काम झालं. त्याची दुसरी बाजू अशी, की तू नागपूरचा म्हटलास की मुंबईत पहिल्यांदा विनोदी चौकीदारच पुढे करतात. एकदा कर, दोनदा कर, मग नाही म्हणायला शीक. मला ते अजून नीट जमत नाही, भाडं भरायचं असतं.

झाडीपट्टीबद्दल उरलेलं. सगळ्या कंपन्या सारख्या नाहीत. रात्रीचा दर, जेवण आणि गाडी आधी ठरवून घे, शक्यतो लेखी. काही ठिकाणी नाटकापेक्षा नाचाचंच जास्त चालतं, तिथे तुझ्या हाती काही लागणार नाही. थंडीत पहाटेपर्यंत बोलून घसा बसतो, आणि रात्रीच्या प्रवासात अपघातही होतात, ड्रायव्हर झोपलेला नाही एवढं बघ. मुलींना मी डोळे झाकून 'जा' म्हणणार नाही, सोबत आणि ओळख असेल तरच. एक हंगाम, फार तर दोन. तिथेच राहिलास तरी वाईट नाही, कित्येक घरं त्यावर चालतात, पण तुझा प्रश्न पडद्याचा आहे म्हणून हे सांगतो.

आणि ते चाळीस हजार. एक रुपया देऊ नको. ऑडिशनला पैसे लागत नाहीत, काम द्यायला पैसे घेणारा माणूस काम देणारा नसतो. खरा कोऑर्डिनेटर, म्हणजे नटांना कामं जुळवून देणारा, तुला काम मिळालं की त्यातून कमिशन कापतो, आधी मागत नाही. फोटो मित्राकडून काढून घे: सकाळच्या उजेडात, साधा शर्ट, एक समोरून, दोन बाजूंनी, एक पूर्ण उंचीचा, गॉगल नाही, फुटाळा तलावावरचा सूर्यास्त नाही. त्याने पुन्हा फोन केला तर त्याने आजवर कुणाला कुठल्या मालिकेत लावलं ते विचार आणि त्या माणसाचा नंबर माग. बहुतेक फोन तिथेच कटतो.