वाचक विचारतात : शूळ, कळ आणि उसण

प्रश्न : घरातल्या जुन्या मोडी कागदांचे लिप्यंतर करून घेतले. एका पूर्वजाविषयी ‘उजवे कुशीस सुळ उठोन तिसरे दिवसी वारले’ अशी नोंद निघाली. हे अपेंडिक्स म्हणायचे की मुतखडा? वंशावळीत मृत्यूचे कारण म्हणून काय लिहावे? — एक वाचक, सातारा

उत्तर : दोन्हींपैकी काहीही लिहू नका. शूळ हे रोगाचे नाव नाही, ते दुखण्याच्या एका जातीचे नाव आहे. सुश्रुतसंहितेच्या उत्तरतंत्रातल्या ४२व्या अध्यायात त्याची फोड आहे : अंगात शंकू, म्हणजे खुंटा ठोकल्यासारखी तीव्र वेदना होते म्हणून तो शूल. म्हणजे लिहिणाऱ्याने आपल्याला एवढेच सांगितले की दुखणे एकाएकी उठले, भोसकल्यासारखे होते आणि उजव्या कुशीत होते. आत काय बिघडले हे त्याला दिसत नव्हते आणि तो तसा दावाही करत नाही.

आता ‘कुशीस’ हा शब्द पाहा. कूस म्हणजे बरगड्यांच्या खालपासून कमरेच्या हाडापर्यंतची बाजू. त्या जागी मुतखडा दुखतो, यकृतातले गळू दुखते, आतडे फुटले तर दुखते, आणि उजव्या फुप्फुसाच्या तळाशी न्यूमोनिया झाला तरी कुशीतच कळ येते. अपेंडिक्सचे दुखणे बहुधा बेंबीभोवती सुरू होऊन नंतर उजवीकडे खाली सरकते. कागदात तसे सरकल्याचा उल्लेख नाही. नुसत्या मुतखड्याने तिसऱ्या दिवशी माणूस जाणे विरळा. शिवाय जुन्या मोजणीत पहिला दिवस धरण्याची रीत होती, म्हणून ‘तिसरे दिवसी’ म्हणजे दोनच रात्री उलटल्या असाव्यात. एवढ्या सामग्रीवर निदान करणे हा निव्वळ अंदाजपंचे कारभार.

पुढच्या-मागच्या ओळी मात्र पुन्हा वाचा. ‘श्वास घेववेना’, ‘लघवी कोंडली’, ‘ओकारी’, ‘पोट फुगले’, ‘ज्वर’ यांपैकी काही सापडले तर चित्र बदलते. सुश्रुताने त्याच अध्यायात जागेनुसार वेगळी नावे दिली आहेत. पार्श्वशूलात सुया टोचल्यासारखे होते, पोटात गुडगुडते, श्वास घेताना कष्ट पडतात, अन्न नको होते आणि झोप येत नाही. बस्तिशूल आणि मूत्रशूल हे लघवीच्या मार्गाशी बांधलेले. हृच्छूलात छातीत कळ येऊन श्वास अडतो. जुना वैद्य यातले नेमके नाव वापरीत असे. घरचा कारकून मात्र सगळ्याला ‘शूळ’च म्हणे. तेव्हा नोंद कोणाच्या हातची आहे हेही पाहावे लागते.

वंशावळीत मूळ शब्द जसाच्या तसा अवतरणात ठेवा आणि पुढे ‘उजव्या कुशीत तीव्र, टोचणारी वेदना’ एवढा अर्थ द्या. पुढे कोणी जाणकार डॉक्टर वाचेल तेव्हा त्याच्या हाती मूळ साक्ष राहील.

लिप्यंतराबद्दल एक सूचना. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळलेला नसतो आणि लिहिणारे स-श यांचीही सर्रास अदलाबदल करतात. त्यामुळे सुळ, शुळ, सूळ, शूळ हे सारे एकाच शब्दाचे वेश असू शकतात. घोटाळा होतो तो सुळावर देण्याच्या शिक्षेशी. शब्दही सलग लिहिलेले असतात. अशा वेळी क्रियापदाकडे पाहावे. सूळ ‘उठला’, ‘आला’, ‘लागला’, ‘राहिला’ असेल तर दुखणे. ‘सुळी दिल्हे’, ‘सुळावर चढविले’ असेल तर शिक्षा. तुमच्या कागदात ‘उठोन’ आहे, तेव्हा पूर्वज आजारपणानेच गेले, निश्चिंत असा.

प्रश्न : जुन्या वैद्यक पुस्तकात ‘परिणामशूल’ आणि ‘अन्नद्रवशूल’ असे दोन रोग दिले आहेत. हेच ड्युओडेनल आणि गॅस्ट्रिक अल्सर का? — एक वाचक, नाशिक

उत्तर : अशी जोडी बऱ्याच पुस्तकांत छापलेली आढळते. अर्धी बरोबर आहे, आणि अर्ध्यामुळेच फसगत होते.

माधवनिदान या रोगनिदानावरच्या जुन्या ग्रंथात शूळाचे आठ प्रकार मोजले आहेत : वात, पित्त, कफ यांचे तीन, दोन-दोन दोषांचे तीन, तिन्हींचा एक, आणि आमाचा, म्हणजे नीट न पचलेल्या अन्नरसाचा, एक. शेवटी मख्खी अशी की कोणताही शूळ असो, मालकी बहुतेक वाताची. या आठांच्या पुढे परिणामशूल आणि अन्नद्रवशूल वेगळे काढले आहेत, कारण त्यांची ओळख जेवणाच्या वेळेवरून पटते. अन्न पचत असताना जो उठतो तो परिणामशूल. इथे ‘परिणाम’ म्हणजे पचन. अन्न पचले, पचत आहे, पचलेले नाही, पथ्य केले, मोडले, जेवले, उपाशी राहिले, कशानेच जो नेमाने थांबत नाही तो अन्नद्रवशूल.

परिणामशूलाच्या एका जुन्या वर्णनात असेही आहे की जेवताच, उलटी होताच किंवा अन्न पुरते पचताच तो शमतो आणि भाताने वाढतो. ड्युओडेनल अल्सर म्हणजे लहान आतड्याच्या सुरुवातीची जखम, गॅस्ट्रिक म्हणजे जठरातली. ड्युओडेनल अल्सरचा रुग्ण आज डॉक्टरांना जवळजवळ हेच सांगतो : जेवणानंतर दोन-तीन तासांनी दुखू लागते, काही खाल्ले की बरे वाटते. दोन-तीन तास म्हणजे जुन्या मापात साधारण प्रहर. निरीक्षण अचूक होते यात शंका नाही. पण त्याच वेळापत्रकाने पित्ताशयातले खडेही त्रास देतात, विशेषतः तुपकट जेवणानंतर. आणि पुष्कळदा दुर्बिणीतून पाहिले तर जखम अशी काही सापडतच नाही. उलट अन्नद्रवशूलाची व्याख्या ‘कशानेच थांबत नाही’ इतकी रुंद आहे की तिच्यात गॅस्ट्रिक अल्सर बसतो, तसा जठराचा कर्करोगही बसतो. ‘अन्नद्रव म्हणजे गॅस्ट्रिक अल्सर’ असे घोकून ठेवणारा इथेच चुकतो.

आणखी एक फरक लक्षात ठेवण्याजोगा. अल्सरच्या बऱ्याच रुग्णांत हेलिकोबॅक्टर पायलोरी हा जिवाणू असतो हे बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनी १९८०च्या दशकात दाखवले आणि २००५ साली त्यांना नोबेल मिळाले. त्याची तपासणी श्वासावरून किंवा शौचावरून होते, आणि उपचार ठरावीक दिवस अँटिबायोटिक घेऊन. नाव जुने असो की नवे, महिन्याभराहून जास्त वेळ जेवणाशी बांधलेले पोटदुखणे चालू असेल, वजन घटत असेल किंवा शौच डांबरासारखे काळे होत असेल, तर आधी तपासणी. शब्दार्थाची चर्चा मागाहून.

प्रश्न : शूळ, कळ, चमक, उसण, तिडीक यांत खरेच फरक आहे का? की सगळे ‘दुखते’च? — एक वाचक, बेळगाव

उत्तर : फरक आहे, आणि दवाखान्यात तो सांगितला तर डॉक्टरांचे निम्मे काम होते.

कळ येते आणि जाते, पुन्हा येते. आतडे किंवा मूत्रनलिकेसारखी पोकळ नळी आवळली की असे होते. मुरडा त्याच जातीचा, पण शौचाला लागल्याच्या भावनेसकट. चमक क्षणाची असते आणि रेषेत धावते, म्हणून कमरेतून पायात चमक निघाली की शीर दबल्याचा संशय घ्यायचा. जुन्या वैद्यकात याला गृध्रसी म्हणत. उसण स्नायूत भरते : वाकताना, ओझे उचलताना पाठ धरते, हलले की दुखते आणि स्वस्थ पडले की कमी होते. ठणका नाडीच्या ठोक्यासरशी, म्हणजे पू धरतोय. तिडीक आज रागाच्या अर्थाने उरली आहे, पण मूळची ती डोक्यातून किंवा दातातून जाणारी सणकच. वेणा फक्त बाळंतपणाच्या. पायात वांब येतो, पेटके येतात. अंग मोडून येणे मात्र या कशातच मोडत नाही. त्याला जुने नाव अंगमर्द.

हे भेद आजीबाईंचे नाहीत, शास्त्रकारांनीही केले आहेत. चरकाने सूत्रस्थानाच्या चौथ्या अध्यायात औषधांचे दहा-दहाचे गट केले, त्यात दुखण्यासाठी तीन वेगळे गट आहेत. शूलप्रशमन गटात पिंपळी, पिंपळमूळ, चवक, चित्रक, सुंठ, मिरे, अजमोदा, जिरे अशी तिखट, पाचक द्रव्ये. अंगमर्दप्रशमन गटात रिंगणी, डोरली, एरंड, चंदन, वाळा, वेलची, ज्येष्ठमध. आणि वेदनास्थापन गटात शाल, कदंब, मोचरस, शिरीष, अशोक अशी तुरट द्रव्ये. शूळ, अंगमर्द आणि वेदना या तिघांना एकच औषध चालणार नाही, हे यादीच बोलते. सुश्रुताने व्रणाच्या वेदनांची जी लांबलचक यादी दिली आहे तिच्यात ‘चुमचुमायन’ असाही शब्द आहे. आपण ‘चुणचुणते’ म्हणतो, ते कानाला अगदी शेजारचे.

प्रश्न : आजीच्या वहीत ‘शूळावर हिंगाष्टक, मासाभर, पहिल्या घासास तुपातून’ असे आहे. प्रमाण आणि कृती सांगाल का? — एक वाचक, पेण

उत्तर : मासा म्हणजे आठ गुंजा, आणि बारा मासे म्हणजे एक तोळा, ११.६६ ग्रॅम. म्हणून मासाभर म्हणजे सुमारे १ ग्रॅम, अर्ध्या चहाच्या चमच्याहून कमी.

हे हिंग्वष्टक चूर्ण अष्टांगहृदय या आयुर्वेदग्रंथाच्या गुल्मचिकित्सेत, म्हणजे पोटातल्या गोळ्यावरच्या उपचारांत, आहे. सुंठ, मिरे, पिंपळी, अजमोदा (घरोघर ओवाच वापरतात), सैंधव, जिरे, शहाजिरे ही सात समभाग आणि ‘आठवा हिंगाचा भाग’. वाद या आठव्या भागावरच आहे. एक अर्थ असा की हिंगही बाकीच्यांइतकाच : सात द्रव्ये १०-१० ग्रॅम, तर हिंग १० ग्रॅम. दुसरा अर्थ असा की कोणत्याही एका द्रव्याच्या आठव्या हिश्श्याइतका, म्हणजे सव्वा ग्रॅम. खडा हिंग उग्र असतो. समभाग घातला तर चूर्ण घशाखाली उतरत नाही आणि छातीत जळजळते. घरी करणाराने सव्वा ग्रॅमच धरावा असे आमचे मत.

हिंगाचे खडे हरभऱ्याएवढे फोडून थोड्या तुपात मंद आचेवर फुलवा. आच मोठी झाली की बाहेरून करपतो आणि आत चिकट कच्चा राहतो; मग कुटताना खलाला चिकटतो. दुकानातल्या पुडीच्या हिंगात पीठ आणि गोंद मिसळलेले असते. तो तुपात फुलत नाही, लगेच जळतो, वजनही फसवे ठरते. बाकीची सहा द्रव्ये उन्हात कडकडीत वाळवून वेगवेगळी कुटा आणि वस्त्रगाळ करा. सैंधव तव्यावर कोरडे करून शेवटी मिसळा. तसे न केल्यास पावसाळ्यात चूर्णाचे गोळे होतात.

आता ‘शूळावर’ या शब्दाची मर्यादा. हे चूर्ण गॅस धरून, अजीर्णाने येणाऱ्या कळेवर आहे. जळजळ, आंबट ढेकर, उपाशीपोटी दुखणे असेल तर तिखट द्रव्यांनी त्रास वाढतो. रक्तदाबाच्या रुग्णाने मिठाचा विचार करावा आणि गरोदर स्त्रीने डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेऊ नये. पोट लाकडासारखे कडक झाले, वारा सरणे बंद झाले, ताप आला, दुखणे उजवीकडे खाली स्थिरावले, किंवा छातीतली कळ हातात-जबड्यात जाऊन घाम फुटला, तर चूर्ण नाही आणि एरंडेल तर मुळीच नाही. सुजलेले अपेंडिक्स जुलाबाने फुटू शकते. तडक रुग्णालय गाठावे.

प्रश्न : पंचांगातला ‘दिशाशूळ’ आणि ‘शूल योग’ यांचा दुखण्याशी काही संबंध? — एक वाचक, मडगाव

उत्तर : नाही. दिशाशूळ म्हणजे त्या वारी त्या दिशेला प्रवास टाळावा हा संकेत : सोमवार-शनिवार पूर्व, गुरुवार दक्षिण, रविवार-शुक्रवार पश्चिम, मंगळवार-बुधवार उत्तर. शूल हा सत्तावीस योगांपैकी नववा. त्याच्या पहिल्या पाच घटका, म्हणजे दोन तास, शुभकार्याला वर्ज्य मानतात.