‘चास्का’ या नावाबद्दल नवख्यांसाठी

बाळाच्या नावांच्या यादीत ‘चास्का म्हणजे पहिला मुलगा’ एवढंच वाचून पुढे जाऊ नका. अमेरिकेतल्या सू या मूलनिवासी लोकांत डाकोटा, लाकोटा असे वेगवेगळे समूह आहेत. चास्का हे डाकोटांचं नाव. त्यांच्याकडे जन्मक्रमाची नावं ठरलेली: थोरला चास्का, दुसरा हेपान, तिसरा हेपी, थोरली मुलगी विनोना. साहजिकच एकाच वस्तीत कितीतरी चास्का असत. पुढे माणसाला स्वतःचं वेगळं नावही मिळे. अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यात १८५८ साली जन्मलेले डाकोटा डॉक्टर आणि लेखक चार्ल्स ईस्टमन यांची आई लवकर गेली, म्हणून ते ‘हाकादा’, बिचारं शेंडेफळ. त्यांच्या गटाने लॅक्रॉस या चेंडूच्या खेळाचा सामना जिंकल्यावर मात्र ते ‘ओहियेसा’, विजेता, झाले.

आता १८६२ च्या अमेरिका-डाकोटा युद्धाबद्दल. हे टाळू नका, कितीही जड गेलं तरी. त्या वर्षी २६ डिसेंबरला, युद्धानंतर, मिनेसोटातल्या मँकाटो इथे ३८ डाकोटा पुरुषांना एकदम फाशी दिलं. त्यातल्या एका चास्काचं नाव राष्ट्राध्यक्ष लिंकन यांनी मंजूर केलेल्या यादीत नव्हतंच. युद्धात त्याने सारा वेकफील्ड या बंदी झालेल्या गोऱ्या स्त्रीला आणि तिच्या मुलांना जपलं होतं. तिने त्याच्या बाजूने साक्षही दिली होती. नावांचा घोळ झाला, असं कारण पुढे आलं. साराला ते कधीच पटलं नाही, आणि मलाही पटत नाही.

बाळासाठी हे नाव मनात असेल, तर आधी डाकोटा भाषकांचं मत घ्या. उच्चारही त्यांच्याच तोंडून ऐका. मूळ रूप ‘चास्के’च्या जवळचं आहे.