‘नोंदच नाही, तर मारलं कुणी?’

एका तालुक्याच्या गावातून निवृत्त एसटी कंडक्टरांचं पत्र आलं आहे. नाव-गाव गाळून मजकूर असा. मुलगा २४ वर्षांचा, मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात कामाला. चोरीचा एक फोन लॉक उघडायला दुकानात आला होता. त्यावरून डी.बी. पथकाचे (ठाण्याच्या गुन्हे शोध पथकाचे) दोघे साध्या कपड्यांत रात्री पावणेनऊला आले आणि ‘साहेबांनी बोलावलंय’ म्हणत त्याला मोटारसायकलवर मध्ये बसवून घेऊन गेले. दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत ठेवलं, तळपायांवर पट्ट्याने मारलं, दोन कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्या. २० हजार रुपये घेऊन सोडलं, वर ‘उरलेले दहा महिनाअखेर’ अशी आठवण. वडील तक्रार द्यायला गेले तेव्हा ठाणे अंमलदाराने स्टेशन डायरी त्यांच्यापुढे फिरवली: “बघा, पोराची नोंदच नाही. नोंदच नाही, तर मारलं कुणी?” मेहुणे म्हणतात, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, सोडून द्या. काय करावं?

नमस्कार. पत्र हातात पडलं तेव्हा घटनेला अकरा दिवस झाले होते, म्हणून तातडीच्या दोन गोष्टी फोनवर सांगितल्या. आता सविस्तर.

मेहुण्यांची म्हण मीही पक्षकारांना ऐकवतो, पण बांधाच्या भांडणात. तुमच्या मुलाने कुठलीच पायरी चढलेली नाही, त्याला उचलून चढवलं आहे.

त्या डायरीचं आधी बघू. चौकशीला बोलवायचं तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या सीआरपीसीच्या जागी आलेल्या कायद्याच्या) कलम ३५(३) प्रमाणे लेखी नोटीस द्यावी लागते. अटक करायची तर अटकेचा कागद, कारणं, घरच्यांना कळवणं, वैद्यकीय तपासणी आणि २४ तासांच्या आत दंडाधिकाऱ्यांसमोर हजर करणं, हे सगळं बंधनकारक आहे. यातल्या प्रत्येक पायरीवर एक तरी कागद तयार होतो. तुमच्या प्रकरणात एकही नाही. अंमलदाराला वाटतं की कोरी डायरी हा त्याचा बचाव आहे. पण मुलगा रात्रभर त्या इमारतीत होता एवढं आपण दाखवलं, की तीच कोरी डायरी त्याच्याविरुद्ध बोलायला लागते. नोंद न करता माणूस आत कशाला ठेवला होता, याचं उत्तर मग त्यांना द्यावं लागेल. म्हणून सध्या सगळा जोर एकाच गोष्टीवर लावायचा: तो आत होता. मारहाणीचा मुद्दा त्यानंतर.

सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये परमवीर सिंग सैनी प्रकरणात सांगितलं आहे की प्रत्येक पोलीस ठाण्यात प्रवेशद्वार, लॉकअप, व्हरांडा सगळीकडे कॅमेरे हवेत, आवाजासकट, आणि चित्रण शक्यतो १८ महिने, कमीत कमी वर्षभर जपलं पाहिजे. प्रत्यक्षात मागायला गेलं की ‘त्या दिवशी डीव्हीआर (चित्रण साठवणारं यंत्र) बिघडला होता’ असं उत्तर येतं. हे उत्तर मी इतक्यांदा ऐकलंय की अर्जात आता मीच लिहून टाकतो: कॅमेरा बंद असल्यास कधीपासून, आणि दुरुस्तीसाठी कधी कळवलं त्याची नक्कल द्यावी. तुमचा अर्ज पोलीस निरीक्षकांना आणि पोलीस अधीक्षकांना, दोघांना जाईल. त्यात तारीख, रात्री पावणेनऊ ते दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सहा ही वेळ, आणि ‘चित्रण जपून ठेवावे’ ही मागणी. आवक शिक्क्याची पोच घ्या. देत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठवा आणि ईमेलही करा.

पण त्याहून घाई दुकानासमोरच्या मेडिकलच्या कॅमेऱ्याची आहे. खासगी डीव्हीआरवरचं जुनं चित्रण पंधरा दिवसांत, फार तर महिन्याभरात आपोआप पुसलं जातं. फोनवर मी हेच सांगितलं होतं. मालक घाबरत असेल तर निदान पेनड्राइव्हवर कॉपी घेऊ द्या म्हणा. त्यासोबत साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्याची प्रत खरी असल्याचं, प्रमाणपत्र लागतं, ते मी बघतो.

आता दवाखाना. तुमचं पत्र वाचताना मी इथे थांबलो होतो. सुटल्यावर मुलगा खासगी डॉक्टरांकडे गेला आणि भीतीपोटी ‘जिन्यावरून पडलो’ म्हणाला. डॉक्टरांनी केसपेपरवर तेच लिहिलं. तो कागद बदलून मागू नका. बदललेला कागद उलटतपासणीत आपल्यालाच बुडवेल. सरकारी रुग्णालयात जा, कोणी, कुठे, कशाने मारलं ते स्पष्ट सांगा, वैद्यकीय-न्यायिक नोंद (एमएलसी) करायला लावा. आधी खोटं का सांगितलं तेही सांगा. जिन्यावरून पडणाऱ्याच्या दोन्ही तळपायांवर समांतर वळ उठत नाहीत, हे कुठल्याही डॉक्टरला कळतं. तुम्ही त्या रात्री काढलेले फोटो मूळ फोनमध्येच राहू द्या. व्हॉट्सॲपने पाठवलेल्या प्रतीत काढल्याची वेळ वगैरे तपशील टिकत नाहीत.

कोऱ्या कागदांची फार धास्ती घेऊ नका. तपासात घेतलेल्या जबाबावर सही घ्यायचीच नसते आणि पोलिसांपुढचा कबुलीजबाब पुरावा ठरत नाही. फक्त ‘सह्या घेतल्या’ हे अधीक्षकांना जाणाऱ्या पहिल्याच अर्जात आलं पाहिजे. सहा महिन्यांनी सांगितलं तर ती पश्चातबुद्धी ठरते.

पैशांचं प्रकरण नाजूक आहे. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात २०१८ ला दुरुस्ती झाली, तेव्हापासून लाच देणाराही गुन्हेगार ठरू शकतो. जबरदस्तीने द्यावी लागली असेल तर सूट आहे, पण सात दिवसांत तपास यंत्रणेला कळवायला हवं होतं. ते सात दिवस गेले. म्हणून २० हजारांबद्दल लिहिताना ‘दिले’ असं मोघम नको. मुलगा आत असताना धमकी देऊन उकळले, आणि भीतीमुळे उशीर झाला, असं जसं घडलं तसं लिहू. ‘उरलेले दहा’ मात्र अजून द्यायचे आहेत, आणि तुमच्या हातातला सगळ्यात भक्कम पत्ता तोच आहे. एक रुपयाही देण्याआधी लाचलुचपत प्रतिबंधक विभागाकडे जा. टोल फ्री क्रमांक १०६४. आधी कळवून दिलेल्या पैशाला कायद्याचं संरक्षण आहे, आणि मागणीची पडताळणी करून ते सापळा लावतात. याबद्दल मेहुण्यांनाही सांगू नका. गावात बातमी चहाच्या टपरीवर आधी पोचते.

पुढचा रस्ता लांब आहे. अधीक्षकांनी गुन्हा नोंदवला नाही तर कलम १७५(३) खाली दंडाधिकाऱ्यांकडे प्रतिज्ञापत्रासह अर्ज करू. नव्या संहितेत लोकसेवकाला कर्तव्याच्या आडून आणखी एक उंबरठा मिळाला आहे: न्यायालय वरिष्ठांचा अहवाल मागवू शकतं. तो अहवाल काय येणार, मी आत्ताच सांगतो. ‘विचारपूस करून समज देऊन सोडले.’ येऊ द्या. त्यात ‘विचारपूस केली’ हे त्यांनीच कबूल केलेलं असेल, आणि डायरी तर कोरी आहे.

ते मंजुरीचा मुद्दाही काढतील, की सरकारी परवानगीशिवाय खटला नाही. २०२० मध्ये कर्नाटकातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे की कर्तव्याशी वाजवी संबंध असलेल्या अतिरेकालाही मंजुरी लागते, तेव्हा हा मुद्दा पोकळ आहे असं मी म्हणणार नाही. शिवाय महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचं कलम १६१ आहे: कर्तव्याच्या रंगाखाली, म्हणजे कर्तव्याच्या नावावर, केलेल्या कृत्याबद्दल पोलिसावर खटला भरायला सहा महिन्यांची मुदत. चांगल्या चांगल्या तक्रारी तिथे बुडतात. १९६६ मध्ये महाराष्ट्र राज्य विरुद्ध आत्माराम या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की संशयिताला डांबून मारणं हे कर्तव्याच्या रंगाखालचं कृत्य नव्हे, त्याला ही मुदत लागू नाही. निकाल आपल्या बाजूचा आहे. तरी वाद कशाला ओढवून घ्या? सहा महिन्यांच्या आत न्यायालयात जायचं.

राज्य मानवी हक्क आयोगाकडे तक्रार फुकट होते, घटनेपासून वर्षाच्या आत. राज्य पोलीस तक्रार प्राधिकरणही आहे. पोलीस सुधारणांबद्दलच्या प्रकाश सिंग प्रकरणातल्या सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ च्या आदेशानंतर आपल्याकडे त्याचा कायदा व्हायला २०१४ उजाडलं. दोन्हीकडून शिफारस मिळते, शिक्षा नाही. अर्ज तरी करा, कारण प्रत्येक ठिकाणी पोलिसांना लेखी म्हणणं मांडावं लागतं, आणि चार ठिकाणची म्हणणी क्वचितच जुळतात.

निकालाची खात्री मी देणार नाही. परभणीत डिसेंबर २०२४ मध्ये सोमनाथ सूर्यवंशी कोठडीत वारले. दंडाधिकाऱ्यांचा चौकशी अहवाल होता, तरी गुन्हा नोंदवण्याच्या आदेशासाठी त्यांच्या आईला उच्च न्यायालयात जावं लागलं. आदेश ४ जुलै २०२५ ला झाला आणि सरकारने त्यालाही सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं. तिथे सरकार हरलं, पण मरणाच्या प्रकरणात एवढं, तर तळपायावरच्या वळांना किती लागेल याचा अंदाज करा. निलंबन, बदली, खातेनिहाय चौकशी लवकर होऊ शकते. शिक्षेला वर्षं लागतील.

तोवर मुलाने ठाण्यात एकट्याने जायचं नाही. बोलावणं आलं तर लेखी मागा, नोटीस आली तर पाळा, वकील बरोबर न्या. आवाज चढवू नका, नाहीतर सरकारी कामात अडथळ्याचं कलम, जुनं ‘तीनशे त्रेपन्न’, आताचं १३२, लगेच लागतं. चोरीचा माल घेतल्याचा गुन्हा दाखल होण्याची चिन्हं दिसली तर अटकपूर्व जामिनाचा अर्ज तयार ठेवू. आणि तुम्ही ६२ वर्षांचे आहात. साक्षीदार म्हणून साठीवरच्या पुरुषाला ठाण्यात बोलावता येत नाही, जबाब घरी येऊन घ्यावा लागतो. ‘बाबांना पाठवून दे’ असा फोन आला तर एवढंच सांगा.

शनिवारी ऑफिसला या. मुलाला, त्या रात्रीचे कपडे न धुता तसेच असतील तर ते, आणि तुमची वही आणा. वेबिल भरायच्या सवयीने तुम्ही रात्रभर वेळा टिपल्यात: ९.४० ला फोन दुसऱ्याने उचलला, ११.१५ ला गेटवरून हाकललं, २.०५ ला आतून ओरडण्याचा आवाज. पत्रात विचारलंय, वही फेअर करून आणू का. अजिबात नको. खाडाखोड, शाई संपल्यावर पेन्सिलीने लिहिलेल्या त्या दोन ओळी, चहाचा डाग, सगळं आहे तसं आणा.