हवा रिकामी नसते

मागच्या अंकात विमानाबद्दल प्रश्न मागवले, आणि पत्रांचा नि मेलचा चांगला गठ्ठा जमला. १९८१ साली मी सांताक्रूझ विमानतळावर, विमानं दुरुस्त करतात त्या हँगरमध्ये शिकाऊ म्हणून लागलो. पुढची ३६ वर्षं विमानाच्या अंगाचं, आमच्या भाषेत पत्र्याचं, काम केलं. या हातांखालून जे गेलं, त्याच्या आधाराने उत्तरं देतो आहे.

शिकवणीत सांगितलं की पंखाची वरची बाजू फुगीर असते, वरच्या हवेला जास्त अंतर कापावं लागतं, म्हणून खालच्या हवेला गाठायला ती जोरात पळते आणि वरचा दाब कमी होतो. पण वरच्या हवेने खालच्या हवेला गाठायचंच कशाला?
– नववीतली विद्यार्थिनी, इस्लामपूर

शाबास बाळा. ही शंका मनात आली तेव्हाच तू निम्मं उत्तर शोधलंस. गाठायचं काहीच कारण नाही, आणि हवा तसं करतही नाही. जोराचा वारा सोडलेल्या बोगद्यात पंखाभोवती धूर सोडून पाहिलं, तर वरची हवा खालच्या हवेच्या कितीतरी आधी मागच्या कडेला पोहोचलेली दिसते. शिवाय कसरती करणारी विमानं उलटी होऊनही उडतात. त्यांच्यातल्या कित्येकांचे पंख वर-खाली सारख्याच आकाराचे असतात.

आता मान वर कर. डोक्यावरचा पंखा पाहा. त्याची पाती थोडी तिरकी बसवलेली असतात. ती हवेला खाली ढकलतात, म्हणून तुला वारा लागतो. पण पातं हवेला खाली ढकलतं तेव्हा हवाही पात्याला वर ढकलते, त्यामुळे पंखा फिरत असताना छताच्या हुकावरचा भार किंचित कमी होतो. विमानाचा पंख हेच करतो, फक्त गोल न फिरता सरळ जातो. पंख आणि पंखा हे शब्द आपल्या भाषेत एका घरचे आहेत, ते उगीच नाही.

मग फुगीर पाठ कशासाठी? स्वयंपाकघरात नळ सोड. चमचा दांड्याच्या टोकाला सैल धर आणि त्याची फुगीर पाठ धारेला हळूच लाव. चमचा दूर फेकला जाईल असं वाटतं, पण तो धारेत ओढला जातो, आणि पाणी त्याच्या पाठीला धरून वळून दुसऱ्या बाजूला पडतं. पंखाच्या पाठीवरून हवा अशीच वळत खाली जाते. हे वळण घेताना पाठीवरचा दाब उतरतो, खाली थोडा वाढतो. दाबातला फरक म्हणा किंवा हवा खाली ढकलली म्हणा, एकाच घटनेकडे दोन बाजूंनी पाहणं आहे. यावरून भांडणारे पुष्कळ भेटतील, तू त्यात वेळ घालवू नकोस. फक्त एवढं लक्षात ठेव, की पंखाचं नाक फार वर उचललं, साधारण १५ अंशांच्या पुढे, तर हवा पाठ सोडते आणि उचल एकदम पडते. वैमानिक याला स्टॉल म्हणतात.

आता थोडं गणित कर. आपल्याकडे सर्रास दिसणारं एअरबस ए-३२० भरलेलं असताना सुमारे ७८ टनांचं असतं. पंखांचं क्षेत्रफळ सुमारे १२२ चौरस मीटर. म्हणजे दर चौरस मीटरने जेमतेम ६४० किलो तोलायचे. जमिनीलगत हवा दर चौरस मीटरवर १० टनांहून जास्त भार देत असते, आपल्याला तो जाणवत नाही इतकंच. पंखाच्या वर-खाली या भारात शेकडा सहाचा फरक पडला की विमान उचललं गेलं. मला हा आकडा पहिल्यांदा समजला त्या रात्री मी झोपलो नाही. हवेला आपण रिकामी समजतो. ती रिकामी नसते.

राइट बंधूंच्या आधी, १८९५ साली, शिवकर बापूजी तळपदे यांनी गिरगाव चौपाटीवर विमान उडवलं हे खरं ना? मग शाळेत का शिकवत नाहीत?
– एक वाचक, डोंबिवली

हा प्रश्न दहा-बारा पत्रांत आहे. त्यामागचं प्रेम मला समजतं, म्हणून सविस्तर लिहितो.

तळपदे मुंबईचे, पाठारे प्रभू समाजातले, संस्कृतचे अभ्यासू. उडण्याचा ध्यास घेतलेला तो माणूस होता, आणि त्याच्याबद्दल मला आदर आहे. पण विमान उडालं म्हणायचं तर खूण लागते. ‘मरुत्सखा’ १५०० फूट वर गेलं असं सांगतात, पण ते कुणी आणि कशाने मोजलं? त्या दिवसाचं छायाचित्र, वजनाची नोंद, यंत्राचा एखादा तुकडा, यातलं काहीही आजवर पुढे आलेलं नाही. वर्तमानपत्रात बातमी होती असं पुष्कळांनी छातीठोकपणे सांगितलं, पण अंकाचं कात्रण मला एकानेही दाखवलेलं नाही. यंत्र पाऱ्यावर चालत होतं म्हणतात. पारा पाण्याच्या साडेतेरा पट जड. हँगरमध्ये पावशेर वजन वाचवायला आम्ही दिवस घालवत असू.

या चर्चेत ‘वैमानिक शास्त्र’ हे प्राचीन म्हणवलं जाणारं संस्कृत पुस्तक नेहमी येतं. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी १९७४ साली ते बारकाईने तपासलं. भाषेवरून आणि इतर पुराव्यांवरून ते विसाव्या शतकातलं ठरलं, आणि त्यातल्या आकृत्यांप्रमाणे बांधलेलं विमान उडू शकणार नाही हेही त्यांनी दाखवलं. ही आपलीच माणसं, आपलीच संस्था.

आता दुसरी बाजू पाहा. राइट बंधू अमेरिकेच्या ओहायोतल्या डेटन गावचे सायकलवाले. जर्मनीत ओटो लिलिएंथालने पंखांच्या उचलीचे तक्ते केले होते, ग्लायडर म्हणजे बिनइंजिनाचं विमानही उडवलं होतं, आणि १८९६ साली ग्लायडरवरून पडूनच तो गेला. राइट बंधूंनी ते तक्ते वापरले, पण उचल हिशेबापेक्षा कमी भरली. तेव्हा त्यांनी १९०१ साली दुकानात लाकडी पेटीचा वाऱ्याचा बोगदा केला आणि पंखांचे सुमारे २०० छोटे नमुने त्यात तपासले. हलकं इंजिन मिळेना, म्हणून त्यांचा मेकॅनिक चार्ली टेलर याने ते दुकानातच सहा आठवड्यांत घडवलं, अॅल्युमिनियमच्या ओतीव कवचाचं, १२ अश्वशक्तीचं. १७ डिसेंबर १९०३ ला किटी हॉकजवळच्या वाळूवर ऑर्व्हिल १२ सेकंदांत १२० फूट गेला. त्याच दिवशी चौथ्या फेरीत विल्बर ५९ सेकंदांत ८५२ फूट गेला. वाऱ्याचा वेग मोजलेला होता, पाच साक्षीदार होते, आणि त्यांच्यातल्याच एकाने कॅमेऱ्याचा बल्ब दाबून घेतलेलं छायाचित्र आहे. तरीही युरोपातल्या लोकांचा विश्वास बसला तो १९०८ साली, विल्बरने फ्रान्समध्ये ल माँजवळ सगळ्यांदेखत विमान वळवून दाखवलं तेव्हा. मला त्यात चार्ली टेलर सगळ्यात जवळचा वाटतो. तो आमच्या जातकुळीचा.

मुंबईचा अभिमान बाळगायचा तर नोंदलेल्या गोष्टी कमी नाहीत. १५ ऑक्टोबर १९३२ ला जे. आर. डी. टाटा कराचीहून अहमदाबादमार्गे टपाल घेऊन जुहूला उतरले. वय २८, हातात पुस मॉथ नावाचं एका इंजिनाचं चिमुकलं विमान. टाटांची हवाई सेवा त्या दिवशी सुरू झाली. पन्नास वर्षांनी, १९८२ साली त्याच तारखेला, ७८व्या वर्षी त्यांनी लेपर्ड मॉथ घेऊन तोच मार्ग पुन्हा उडवला. तेव्हा मी एकवीस वर्षांचा होतो आणि जुहूला कुंपणाशी उभा होतो. आधी आवाज आला, शिवणयंत्रासारखा, मग ठिपका दिसला. माझ्या शेजारी उभ्या असलेल्या हेडमेकॅनिकने टोपी काढून हातात धरली होती.

आमच्या गच्चीवरून दर दोन मिनिटांनी विमान उतरायला जातं. दुसऱ्या बाजूने का उतरवत नाहीत?
– घाटकोपरचे एक ज्येष्ठ नागरिक

वाऱ्यामुळे. विमान शक्यतो वाऱ्याला तोंड देऊन उतरतं आणि उडतं, कारण पंखाला हवेतला वेग हवा असतो, जमिनीवरचा नव्हे. मुंबईत वारा बहुतेक पश्चिमेकडून, समुद्रावरून येतो. म्हणून विमानं तुमच्याकडून येतात आणि जुहूच्या अंगाने समुद्रावर उडतात. धावपट्टीच्या या टोकावर २७ आकडा रंगवलेला असतो, तो दिशेचा: २७० अंश, म्हणजे पश्चिम.

विमानाच्या खिडकीच्या काचेत खाली बारीक भोक दिसलं. मी घाबरून हवाईसुंदरीला सांगितलं, ती हसली, पण कारण सांगितलं नाही.
– एक वाचक, नाशिक

भोक मुद्दाम पाडलेलं असतं. तुम्ही हात लावता ती आतली काच फक्त ओरखडे पडू नयेत म्हणून. तिच्या पलीकडे दोन भक्कम काचा असतात, आणि भोक असतं त्यातल्या आतल्या काचेला. त्यामुळे दोन काचांमधल्या फटीत केबिनइतकाच दाब राहतो, सगळा भार बाहेरची काच घेते, आणि मधली काच तिची राखणदार म्हणून ताजी राहते. काचेवर धुकंही कमी धरतं.

खिडकीची ही काळजी फार मोठी किंमत देऊन शिकावी लागली. ब्रिटनचं कॉमेट हे प्रवासी सेवेतलं पहिलं जेट. १० जानेवारी १९५४ ला एक कॉमेट इटलीतल्या एल्बा बेटाजवळ हवेतच फुटलं, ३५ जण गेले. ८ एप्रिलला दुसरं, २१ जण. मग इंग्लंडमधल्या फार्नबरोला संशोधकांनी अख्ख्या कॉमेटचं धड पाण्याच्या हौदात बुडवलं आणि आतही पाणी भरून दाब चढवला, उतरवला, पुन्हा चढवला. पाणी अशासाठी, की ते हवेसारखं दाबलं जात नाही. पत्रा फाटला तरी धडाका होत नाही आणि चीर जिथल्या तिथे सापडते. प्रत्यक्ष उड्डाणं आणि हौदातल्या फेऱ्या धरून सुमारे ३,००० वेळा दाब चढल्यावर पत्रा फाटला, खिडकीच्या कोपऱ्याशी. तार वाकवून वाकवून तुटते, तसा.

प्रत्येक उड्डाणात विमान एकदा फुगतं आणि एकदा उतरतं. आम्ही त्याला एक सायकल म्हणायचो. म्हणून विमानाचं वय वर्षांत कमी आणि सायकलींत जास्त मोजतात. माझ्या नोकरीतल्या कित्येक रात्री रिव्हेटच्या ओळींवरून टॉर्च आणि भिंग फिरवण्यात गेल्या. लाल रंग लावायचा, पुसायचा, वर पांढरी भुकटी मारायची. चीर असेल तर केसासारखी लाल रेघ उमटते. एकदा पहाटे चारला अशी रेघ दिसली, नखाएवढी. विमान सहाला निघायचं होतं, ते थांबवलं. प्रवासी चिडले असणार. त्यांना कारण कळलं नाही, आणि मला त्याचं वाईट वाटलं नाही.

वय ७२. पहिल्यांदाच विमानात बसते आहे, सिंगापूरला लेकाकडे. धक्के बसले की विमान पडतं का? कान दुखतात म्हणतात. आणि लोणचं नेता येईल का?
– एक आजी, वाई

ताई, धक्क्यांनी विमान पडत नाही. घाटात एसटी हलते तशी हवाही खडबडीत असते. पंखाची टोकं वर-खाली होताना दिसली तर घाबरू नका, लवायलाच ती बनवली आहेत. उड्डाणात येऊ शकेल त्या सर्वांत मोठ्या भाराच्या दीडपट भार पंखाने सोसला, तरच विमानाला परवानगी मिळते. धोका असतो तो पट्टा न बांधलेल्या माणसाला, म्हणून झोपतानाही पट्टा बांधलेला ठेवा. पंखाजवळची जागा मागा, तिथे हेलकावे कमी.

आत बसल्यावर तुम्ही कळसूबाईच्या माथ्यापेक्षाही उंचावरच्या हवेत असता. कळसूबाई १६४६ मीटर, आणि केबिनमधली हवा साधारण १८०० ते २४०० मीटरवर असते तेवढी विरळ. कान दुखतात ते उतरताना, कारण हवा पुन्हा दाट होते. विमान खाली येऊ लागलं की खडीसाखर चघळा, आवंढा गिळत राहा. त्या वेळी झोपू नका. सर्दी असेल तर आधी डॉक्टरांना विचारा.

लोणचं हातातल्या पिशवीत नको, मोठ्या बॅगेत द्या. सामानाच्या कप्प्यातही केबिनसारखीच विरळ हवा असते. बरणीत अडकलेली वाईची दाट हवा तिथे फुगते आणि तेलाला झाकणातून बाहेर ढकलते. म्हणून बरणी गळ्यापर्यंत भरा, आत हवा राहूच देऊ नका. वरून दोन पिशव्या बांधा, आणि लेकाच्या कपड्यांपासून लांब ठेवा.