शास्त्र, कायदा आणि चाळीतला भोंगा

प्रश्न : पां. वा. काणे यांचा ‘धर्मशास्त्राचा इतिहास’ वाचायचाय. पाच खंड बघूनच छाती दडपते. सुरुवात कुठून करू? (दादर)

पहिल्या खंडापासून मुळीच नको. तिथे ग्रंथांचा काळ ठरवण्याचा खल आहे. सवय नसलेला माणूस आपस्तंब या जुन्या सूत्रकारापर्यंत पोचतो आणि पुस्तक मिटतो. तिसरा खंड (1946) घ्या, त्यातलं ‘कलिवर्ज्य’ प्रकरण काढा. नियोग (निपुत्रिक विधवेने दिराकडून मूल होऊ देणं), वाटणीत थोरल्याला जादा हिस्सा, या एकेकाळी शास्त्रसंमत गोष्टी. लोकांना त्या नकोशा झाल्या, तेव्हा ‘कलियुगात वर्ज्य’ असा शेरा मारून शास्त्रीबुवांनीच त्या गुंडाळून ठेवल्या. ‘शास्त्रात बदल होत नसतो’ असं कुणी ऐकवलं, की मी हेच प्रकरण पुढे करतो.

काणे मुंबई हायकोर्टात वकिली करत. मूळ बेत छोटा होता : नीलकंठभट्टाच्या ‘व्यवहारमयूख’ या हिंदू कायद्यावरच्या संस्कृत ग्रंथाचं संपादन आणि त्याला जोडून धर्मशास्त्राचा धावता आढावा. मयूख म्हणजे तेव्हा इथल्या वकिलांच्या टेबलावरचा ग्रंथ. वारसाहक्काच्या दाव्यात मिताक्षरा (याज्ञवल्क्यस्मृतीवरची टीका) एक सांगते आणि मयूख दुसरं, असं झालं तर मुंबई बेट, उत्तर कोकण आणि गुजरातेत मयूखाचं चाले. आढावा वाढतच गेला. पहिला खंड 1930 साली आला, शेवटचा 1962 साली! मूळ ग्रंथ इंग्रजीत आहे. साहित्य संस्कृती मंडळाने काढलेला मराठी सारांश मिळाला तर आधी तो वाचा.

प्रश्न : मुलीने परजातीत लग्न केलं म्हणून पंचायतीने आम्हाला वाळीत टाकलं. पूजेला पाठवलेला नारळसुद्धा परत आला. ‘हे आमचं धर्मस्वातंत्र्य’ म्हणतात. खरं का? (भांडुप)

नाही. ते बहुधा 1962 च्या सय्यदना ताहेर सैफुद्दीन (दाऊदी बोहरांचे धर्मगुरू) खटल्याचा आधार घेत असतील. त्यात सुप्रीम कोर्टाने मुंबई राज्याचा 1949 चा बहिष्कारबंदी कायदा रद्द केला. धार्मिक कारणावरून एखाद्याला पंथाबाहेर काढणं हा पंथाच्या कारभाराचाच भाग, असं बहुमत होतं. सरन्यायाधीश सिन्हा एकटे विरोधात गेले. मला त्यांचंच पटतं. 2023 मध्ये पाच न्यायमूर्तींनी तो निकाल फेरविचारासाठी नऊ जणांच्या पीठाकडे धाडला.

पण तुमचं प्रकरण त्या वाटेने जातच नाही. जातपंचायतीच्या बहिष्काराविरुद्ध महाराष्ट्राचा 2016 चा स्वतंत्र कायदा आहे : तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. पोलिसांत लेखी तक्रार द्या, पोचपावती घ्या. परत आलेल्या नारळाची तारीख आणि तो घेऊन आलेल्याचं नाव आजच लिहून ठेवा. पंचायत तोंडी हुकूम सोडते, कागद मागे ठेवत नाही.

प्रश्न : चाळीसमोरच्या प्रार्थनास्थळाचा भोंगा बंद करायला सांगितला, तर तो धर्मावर घाला होतो का? (कुर्ला)

होत नाही. लाउडस्पीकर कुठल्याही धर्माचा अत्यावश्यक भाग नाही, असं मुंबई हायकोर्टाने जानेवारी 2025 मध्ये सांगितलंय, आणि ते प्रकरण तुमच्या कुर्ल्याकडचंच होतं. रात्री 10 ते सकाळी 6 उघड्यावर तर बंदीच. सणांसाठी सरकार 12 पर्यंत सूट देऊ शकतं, तीही वर्षाकाठी फार तर 15 दिवस. हा हिशेब तुमच्या चाळीच्या गणपतीलाही लागू आहे बरं का.